दगडूभाऊचा तिसरा पुकारा

आमच्या कचेरीत दगडूभाऊ शिपाई सुनावणीला पक्षकाराचं नाव पुकारतो, आणि तिसऱ्या पुकाऱ्यानंतर दारातून बाजूला सरकतो. कोणाला तरी आत यायला वाट द्यावी तसा. बाहेर चिटपाखरू नसतं! मी तिथंच व्हरांड्यात टेबल टाकून लोकांचे अर्ज लिहितो. भर दुपारी अंगावर काटा येतो हो.

"अहो, कोण आहे तिथं?" एकदा मी खेकसलोच.

"येतंय राव. डोंगरातली माणसं. हाक पोचाया येळ लागतो."

घरीही तोच कारभार. मांजरानं दूध सांडलं तरी आधी दारात तीन पुकारे. "त्याचं म्हननं ऐकल्याबिगर काठी उचलायची न्हाई." मांजर कसलं येतंय! वहिनी कपाळाला हात लावतात आणि दुसरं दूध तापवतात. साहेब लोकही वैतागतात, पण त्याचं 'येतंय' संपेपर्यंत 'गैरहजर' असा शेरा मारायची कोणाची छाती होत नाही.

हे वेड कुठून आलं ते सगळ्यांना ठाऊक आहे. त्याच्या बापाचा, कोंडाजीचा, वनजमिनीचा दावा इथंच होता. तेव्हाच्या साहेबांना घाई. दगडूभाऊनंच बापाचं नाव एका दमात तीनदा पुकारलं. म्हातारा अजून भीमाशंकरच्या एसटीत होता. जमीन आपणच कसतो याचा पुरावा म्हणून नाचणीच्या कणसांची जुडी घेऊन तो पोचला, तेव्हा दावा फेटाळून झाला होता. "मला हाक न्हाई आली रं," एवढंच म्हणाला. पुढची नाचणी काही त्यानं पाहिली नाही.

परवा काशीबाईंची सुनावणी होती. तोच डोंगर, तसाच दावा. तीन पुकारे झाले. नव्या साहेबांनी पेन उघडलं. दगडूभाऊ दारात बाजूला सरकलेला.

"येतीय सायेब. घाट उतरलीया."

वारा नव्हता, तरी दाराचा पडदा आत फुगला. साहेबांनी पेन मिटलं. बऱ्याच वेळानं काशीबाई धापा टाकत आल्या.

"एसटी बंद पडली बाबा. मी आपली तिथंच बसून ऱ्हाणार व्हते. एक म्हातारा म्हनला, ऊठ, तुझी हाक आलीया. मंग टेम्पोला हात केला."

"कसा व्हता, मावशे?" दगडूभाऊनं विचारलं.

"घोंगडी पांघरलेला. हातात नाचणीची जुडी. म्हनलं, तुमीबी चला की. तर म्हनला, माझी न्हाई आली अजून."

साहेबांनी काशीबाईंचं सगळं ऐकून घेतलं, जमिनीची पाहणी करायचा हुकूम दिला. त्या देवाला हात जोडत गेल्या.

संध्याकाळी कचेरी रिकामी झाली, तसा दगडूभाऊ दारात येऊन उभा राहिला. इतकी वर्षं जगाला पुकारलं. बापाचं नाव मात्र त्या दिवसानंतर त्याच्या तोंडून निघालं नव्हतं.

"कोंडाजी लक्ष्मण, हजर व्हाऽ!"

थांबला. पुन्हा पुकारलं. पुन्हा थांबला. तिसऱ्यांदा नाव काही निघेना, नुसतं "बा..." म्हणाला आणि रडत रडत बाजूला सरकला.

माझं टेबल वाटेत येत होतं. मी उठलो आणि ते भिंतीकडे ओढून घेतलं.