धवल्यातली इंग्रजी

उन्नती शाळेत तोंड उघडत नव्हती. घरी बोलून बोलून डोकं खायची, पण काल्हेरच्या इंग्रजी शाळेच्या फाटकात शिरली की मुकी. शेवटी मॅडमनी तिच्या आईला, माधवीला, बोलावून घेतलं. स्नेहसंमेलनात प्रत्येक मुलाला चार दुर्मिळ इंग्रजी शब्द अर्थासकट सांगायचे होते. बोलली तर पहिलीत, नाहीतर पुन्हा सिनियर केजी.

माधवी बी.ए. होती, पण मराठी माध्यमातून. त्यामुळे तिनं जरा जास्तच मनावर घेतलं. नाक्यावरच्या सायबर कॅफेत हेडफोन लावून उच्चार ऐकले आणि वहीत मराठीत उतरवले. पोटातली गुडगुड म्हणजे बॉर्बरिग्मस. नखाच्या मुळाशी दिसणारा पांढरा अर्धचंद्र, लून्युला. कुणाला खिडकीबाहेर फेकणं, डीफेनेस्ट्रेशन. आणि एखाद्या गोष्टीला कवडीमोल ठरवणं म्हणजे फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन. पंधरा दिवस घोकंपट्टी चालली. उन्नतीला एक आठवला की दुसरा पळायचा. माधवीचं वजन मात्र दोन किलोनं उतरलं.

मग सासूबाई मध्ये पडल्या. राहीबाई आगरी लग्नात धवले म्हणणाऱ्या, पंचक्रोशीतल्या नावाजलेल्या धवलारीण. अक्षर एक ओळखत नव्हत्या, पण शेकडो कडवी तोंडपाठ, आणि पंधरा दिवस कानावर पडून आता ते चार शब्दही.

"तुजी वही ठेव गो बाजूला," त्या म्हणाल्या आणि नातीला घेऊन ओट्यावर बसल्या.

दोन दिवसांत चारही शब्द पाठ. तो लांबलचक तर त्यांनी चार ओळींत वाटून टाकला होता. माधवीनं खुशीत परीक्षा घेतली, तेव्हा कळलं की ते नुसते सांगताच येत नाहीत. गावे लागतात, तेही गणपतीच्या नमनापासून. आणि संमेलन दुसऱ्याच दिवशी.

स्टेजवर मॅडमनी पहिला शब्द विचारला. उन्नती गप्प. दुसरा विचारला. गप्पच. माधवीच्या पोटात बॉर्बरिग्मस सुरू झालं. तेवढ्यात मागून राहीबाईंनी हळूच सूर दिला. पोरीनं डोळे मिटले, कानावर हात ठेवला आणि नमन धरलं. नमन झालं, हळद झाली, मग एकदाचं आलं, "नवरीचे पोटान गो बॉर्बरिग्मस..."

मॅडम माइक काढून घ्यायला पुढे झाल्या. राहीबाई उठून उभ्या राहिल्या. "मॅडम, धवला मधीच तोडायचा न्हाय. नवरीला बाधतंय."

नवरी कोण, हे विचारायचं मॅडमना सुचलं नाही. कारण धवलारीण म्हणते ते कडवं बायका मागून उचलतात, आणि हॉलमध्ये काल्हेर, पूर्णा, मानकोलीच्या बायका भरल्या होत्या. त्यांनी सवयीनं उचललं. लून्युला उचललं, डीफेनेस्ट्रेशन उचललं. चार ओळींचा तो शब्दही शंभर गळ्यांतून न अडखळता पार पडला. प्रमुख पाहुणे ताल धरून बसले.

गाणं संपलं, पण उन्नती खाली उतरेना. फ्रॉकचा घेर पसरून उभी राहिली.

"कायतरी घाला वो मॅडम," राहीबाई म्हणाल्या. "मान घेतल्याबिगर धवलारीण हलत न्हाय."

मॅडमनी पर्स चाचपली. नारळ थोडाच असणार त्यात. शंभर बायका बघत होत्या. त्यांनी डायरीचं पान फाडलं, काहीतरी लिहिलं, सही केली आणि फ्रॉकमध्ये टाकलं. उन्नतीनं ते खाली येऊन आजीला दिलं, आजीनं सुनेपुढे धरलं. "वाच."

माधवीनं घसा खाकरला. वाचायलाच निघाली होती ती, पण बाहेर आला तो धवल्याचा सूर, "उन्नती धनेश तरे गो, पहिली अ..."

बायकांनी ते कडवं तीनदा उचललं.