अटकेआधीचं रिझर्व्हेशन

"जेलात सडवीन तुले!" शेजारच्या गच्चीवरून हरिदास ओरडला आणि गुलाबरावांच्या हातातली बादली गळून पडली.

गुन्हा एवढाच, की उन्हाळा तोंडावर आला म्हणून गुलाबरावांनी गच्चीत कूलर धुतला. सडकं पाणी हरिदासच्या गच्चीवर गेलं आणि त्याच्या बायकोने वाळत घातलेली तिळाची बिजोरी, म्हणजे सांडगे, वाहून गेली. चुकलं म्हणायचं सोडून गुलाबराव म्हणाले, "गच्चीवर काहून पसारा मांडता?" मग धक्काबुक्की. हरिदासचा सदरा फाटला.

हरिदास खाली जाऊन जेवला आणि सगळं विसरला. गुलाबराव विसरले नाहीत. त्यांची सगळी नोकरी रेल्वेच्या रिझर्व्हेशन खिडकीत झालेली. गाडी सुटायच्या आधी जागा पक्की, हाच त्यांचा धर्म. त्यात एकुलत्या पोरीचा, श्रावणीचा, साखरपुडा महिनाअखेरच्या रविवारी. बाप जेलात गेला तर पाहुणे दारातूनच परत फिरतील. ते तडक विशाल वकिलाकडे गेले.

"अटक व्हायच्या आधीच जमानत भेटते काय रे?"

"भेटते ना काका. अग्रिम जमानत."

अग्रिम! म्हणजे आगाऊ रिझर्व्हेशनच! गुलाबरावांना वकिलाच्या पाया पडावंसं वाटलं.

पोलिसांत तक्रार झाली आहे का, हा खरा पहिला प्रश्न. विशालने तो विचारलाच नाही. घाबरलेल्या माणसाला शहाणं करून सोडायचं नसतं, हे या लोकांना कॉलेजातच शिकवतात की काय कोण जाणे.

"अर्ज लागेपर्यंत घरी थांबू नका. फोन बंद ठेवा. और किसी को बताना मत. काकी को भी नहीं."

गुलाबराव भाजीची पिशवी घेऊन निघाले ते बीरगांवला, चुलतभाऊ बाबारावकडे. इकडे संध्याकाळ झाली तरी भाजी नाही, नवरा नाही, फोन लागत नाही. कलावतीबाईंनी रडून अख्खा पारा, म्हणजे मोहल्ला, गोळा केला. सगळ्यात आधी धावला हरिदास. आपल्याच ओरडण्याने याने जिवाचं काही बरंवाईट केलं की काय, या विचाराने तो पांढरा पडला होता.

"वहिनी, रडू नका. मी हाय ना. चला ठाण्यात."

जन्मात पोलीस ठाण्याची पायरी न चढलेला हरिदास गुलाबरावांसाठी चढला, आणि माणूस हरवल्याची रिपोर्ट नातेवाइकांच्या पत्त्यांसकट लिहिली गेली.

दोन दिवसांनी गुलाबरावांनी बाबारावच्या खिडकीतून पाहिलं. दोन शिपाई, आणि त्यांच्यापुढे बोट दाखवत हरिदास! "तोच! तोच हाय तो, साहेब!" हरिदास आनंदाने किंचाळला.

गुलाबराव मागच्या दाराने पळाले. एका शिपायाने हात धरला. "अरे दादा, रुको तो सही—" गुलाबरावांनी सगळा जोर लावून त्याला ढकललं. शिपाई उघड्या नालीत पडला आणि त्याचं मनगट मोडलं.

"अबे गुलाब्या!" हरिदासने कपाळ बडवलं. "हे लोकं तुले घरी न्यायले आले होते! तू हरवला म्हणून रिपोर्ट हाय, बिजोरीची नाई!"

गुलाबरावांनी एकदा हरिदासकडे, एकदा नालीकडे पाहिलं. मग दुसरा शिपाई पहिल्याला वर ओढत होता तेवढ्यात जे सुटले ते थेट विशालच्या ऑफिसात. ऐकता ऐकता वकिलाचा चेहरा फुलला. "काका, अब बना केस! वर्दीवाल्याले जखमी केलं. ह्याच्यात बराबर अटक होते. आता अर्जात जीव आला!"

साखरपुड्याच्या आदल्या दिवशी, शनिवारी, कोर्टात जजसाहेबांनी विचारलं, "सिपाही को धक्का क्यों दिया?"

"अटक टाळायले, साहेब."

"किस मामले में?"

मामलाच नव्हता. निर्दोष माणसाने भीतीपायी आपल्या हाताने गुन्हा घडवला होता. वय आणि आजवरची नोकरी पाहून साहेबांनी जमानत दिली. जमानतदार म्हणून हरिदास उभा राहिला. अट एकच: उद्यापासून दर रविवारी सकाळी ठाण्यात हजेरी.

बाहेर आल्यावर कलावतीबाईंनी पदर तोंडात धरला. "उद्या सकाळी? अन् पाहुणे? त्याहीले काय सांगू मी?"

गुलाबरावांनी कोर्टाचा कागद घडी करून खिशात ठेवला.

"सांग, ठाण्यात गेले हाय," ते म्हणाले. "अन् हे बी सांग, की आपल्या पायानं गेले."