गोजरआत्याची ओवी आणि माझा डेक

स्वस्तात जुना टेप डेक कसा घ्यावा, हे पंचक्रोशीत फक्त मला विचारावं! चिखलीच्या भंगारवाल्याकडून मी असा डेक उचलला, की आमच्या साखरखेर्ड्यात शिरताना नवरी आणल्यासारखा मिरवत आलो.

कारणही तसंच. माझ्या बारशाला गोजरआत्यानं माझ्यावर ओवी रचून म्हटली होती आणि वडिलांनी ती कॅसेटवर धरून ठेवली होती. काय असेल त्या ओवीत? मला चंद्र म्हटलं असेल, की केवड्याचं पान? आत्याला विचारलं.

"आता नाई आठवत बापा. पन तुह्यावरच होती!"

म्हणजे ओवी उरली ती फक्त त्या कॅसेटमध्ये. मी जानेफळहून सासऱ्यांना, हिंमतरावांना, मुद्दाम बोलावलं. जावई काय चीज आहे, ऐकू दे एकदा!

डेक जरा कुरकुरत होता. आमच्याकडे कुरकुरणाऱ्या वस्तूला तेल देतात. मग ती बैलगाडी असो की शिलाई मशीन. मी डेकला पोटभर तेल पाजलं! आतला रबरी पट्टा न्हाऊन निघाला आणि घसरू लागला. बटण दाबलं, तर विहिरीच्या तळातून यावा तसा भसाडा आवाज, शब्द एकही लागेना!

"हा कोन बाप्या माह्या ओव्या म्हनून राह्यला बे?" आत्या दचकली.

मी पट्टा काढून कोथिंबिरीच्या जुडीचं रबर चढवलं. आता आत्या चिवचिवू लागली!

"जावईबापू, हे गानं हाये का पिंजऱ्यात उंदीर सापडला?" हिंमतरावांनी विचारलं.

तेवढ्यात टेप आत गुंतली! माझा जीवही तिच्यासोबत.

"हात काढा! ओवी तोडता का आता?" बायको सुचिता पुढं झाली. तिनं टेप हलकेच सोडवून पेन्सिलीनं गुंडाळली, जुना पट्टा साबणानं धुऊन कोरडा केला, आतलं तेल स्पिरिटच्या बोळ्यानं पुसलं आणि रबर काढून पट्टा परत चढवला. मी श्वास रोखून बसलो.

बटण दाबलं. तरुणपणची गोजरआत्या झऱ्यासारखी गाऊ लागली:

भाच्याचं माह्या बाई, रडनं लयी भारी
दावं तोडून पळाली, गोठ्यातली बैलं सारी!



"हाव! खरंच पळाली होती!" आत्याला सगळं लख्ख आठवलं. "तुह्या बापाले थेट नदीपल्याड सापडली!"

"मंग? यायचं घोरनं बी तसंच हाये," सुचिता म्हणाली. हिंमतराव हसता हसता खाटेवरून घसरले!

डेक आता झकास चालतो. सुचिता स्वतः त्याची निगा राखते. पाहुणे आले, की चहाच्या आधी ओवी लागते. डेक कुणी आणला, हे मी हल्ली सांगत नाही.