हेडीसचे वकील

ग्रीकांच्या पाताळाचा देव हेडीस याच्यावर घोर अन्याय झाला आहे, असं काळेकाकांचं ठाम मत आहे. हे मत ते बेकरीच्या रांगेत मांडतात, बसथांब्यावर मांडतात, आणि एकदा तर दाताच्या डॉक्टरसमोर तोंडात कापूस असतानाही त्यांनी ते मांडलं होतं.

"झ्यूसचा सख्खा भाऊ. तोही थोरला! आणि ऑलिंपसच्या बारा मुख्य देवांत याचं नाव नाही. का? तर तो लांब राहतो. अरे, लांब राहतो म्हणजे मेला की काय?"

पाताळाच्या राजाबद्दल हा प्रश्न जरा चमत्कारिक आहे, हे त्यांच्या गावीही नसतं.

काळेकाका जर्मनीत कायझर्सलाउटर्नला पंपांच्या कारखान्यात इंजिनियर. पंचवीस वर्षांपूर्वी नवीन आले, तेव्हा जर्मन शिकवणाऱ्या बाईंनी त्यांना मुलांसाठी लिहिलेलं ग्रीक पुराणकथांचं पुस्तक वाचायला दिलं. दुसरा कुणी त्यातून भाषा उचलून मोकळा झाला असता. काकांनी नातेवाईक उचलले.

मी इथे पीएच.डी.ला आले, तेव्हा काकूंनी पहिल्याच रविवारी जेवायला बोलावलं. मी वरणभात कालवतेय तोच काकांनी विचारलं, "मृणाल, पर्सिअस हर्क्युलिसचा कोण?"

"माहीत नाही, काका."

"सावत्र भाऊ. दोघांचा बाप झ्यूस. पण हाच पर्सिअस हर्क्युलिसच्या आईचा आजोबाही लागतो. म्हणजे भाऊ तोच, पणजोबा तोच. आता दिवाळीला कोणी कोणाच्या पाया पडायचं?"

मी खरोखरच विचारात पडले. काकू म्हणाल्या, "अहो, तिला पोळी तर घेऊ द्या. देवांचं देव बघतील."

जर्मनांची काकांना कीव येते. "यांच्यात काका ओंकल, मामाही ओंकल. यांना ग्रीक पुराण कळणार कसं?" एकदा आम्ही संग्रहालयात गेलो होतो. हेडीसने पर्सेफनीला पळवून नेऊन तिच्याशी लग्न केलं, त्या चित्रापुढे उभं राहून माहिती सांगणाऱ्या बाई म्हणाल्या, हा तिचा ओंकल. काकांचा हात वर. कुठला ओंकल? मग त्यांनीच खुलासा केला. पर्सेफनीचे आईबाप भाऊबहीण, आणि हेडीस त्या दोघांचाही भाऊ. म्हणजे काकाही तोच आणि मामाही तोच! "आणि आमच्याकडे नवरीला बोहल्यापर्यंत आणतो मामा. इथे मामाच बोहल्यावर! मग आणायचं कोणी?" बाई "गेनाऊ, गेनाऊ" म्हणजे 'बरोबर, बरोबर' म्हणत पुढच्या दालनात सटकल्या. काकांची मुलगी ऋता "पापा, बिट्टे!" अशी विनवणी करून खांबाआड गेली.

आमच्या मराठी मंडळींच्या गणपतीची आमंत्रणं काकांकडे असतात. ई-मेल त्यांना चालत नाही. घरटी स्वतः फोन.

"ट्रॉयचं युद्ध कशाने पेटलं? अकिलीसच्या आईवडिलांच्या लग्नाला एरिसला बोलावलं नाही म्हणून. का, तर ती भांडणाची देवी. अगं, भांडकुदळ आत्या कोणाकडे नसते? तिला बोलवावं, पहिल्या पंगतीला बसवावं, आग्रह करून दोन जिलब्या जास्त वाढाव्यात."

त्यामुळे नोकरीसाठी दूर येना शहरात गेलेल्यांनाही फोन जातो, आणि एकमेकांचं तोंड न बघणारे आमच्याकडे शेजारीशेजारी बसून मोदक खातात. मी यावर भरपूर हसत असे. काकांच्या नकला करण्यात माझा हात कोणी धरत नसे.

मग ऋताचं लग्न ठरलं. मुलगा श्टेफान, इथलाच. काकूंना मराठीतून पत्रिका हवी होती आणि मराठी फॉन्ट फक्त माझ्या लॅपटॉपवर. शनिवारी दुपारी मी टाइप करायला बसले. 'आमचे येथे श्रीकृपेकरून' पासून काकांनी सुरुवात केली आणि निमंत्रण देणाऱ्या नातेवाइकांची नावं धडाधड सांगितली. मामेभाऊ, आतेभाऊ, चुलत मेहुणे, मावशीचे जावई. मी थकले, पण ते थकेनात.

काकू कणीक मळता मळता थांबल्या. "अहो, आणि मोठे भाऊजी?"

काका उठले. भिंतभर लावलेल्या जाड जर्मन फायलींमधून त्यांनी एक काढली आणि तिच्यातली पिवळी पडलेली पत्रिका माझ्यापुढे ठेवली. साताऱ्याच्या थोरल्या भावाच्या मुलीची, आठ वर्षांपूर्वीची.

"वाच. माझं नाव शोध."

मी दोनदा वाचलं. सगळे होते. शेजारचे जोशीसुद्धा होते. काकांचं नाव नव्हतं.

"पत्रिका मात्र पोस्टाने वेळेवर आली हो. सहकुटुंब येण्याचे करावे! माझ्याच घरच्या लग्नात मी पाहुणा. दादाला वाटलं असेल, बाळू काय, लांब राहतो." काका हसायला गेले, पण ते काही त्यांना जमलं नाही. "मी गेलो नाही. फोनही केला नाही. त्यानेही नाही."

हेडीसची वकिली इतकी वर्षं नेमकी कोणासाठी चालली होती, ते मला तेव्हा समजलं. केलेल्या सगळ्या नकला आठवून मला स्वतःची लाज वाटली.

काकू हलकेच म्हणाल्या, "ऋताला सख्खा काका एकच आहे."

काकांनी ती पत्रिका परत फायलीत ठेवली. मग म्हणाले, "मृणाल, सगळ्यात वर घाल. थोरला आहे तो."

"नुसतं नाव छापून होतं का?" काकू म्हणाल्या. "फोन करा."

चाळीस घरांना फोन करणारा हा माणूस फोन हातात घेऊन नुसता उभा राहिला. नंबर पाठ होता, बोटं चालत नव्हती. शेवटी फोन माझ्याकडे देऊन त्यांनी नंबर सांगितला. मी तो लावला आणि स्पीकर चालू केला.

"कोण?" आवाज थेट काकांचाच.

"दादा, मी बाळू."

पलीकडे नुसती खरखर. लाइन तुटली असं वाटून मी हात पुढे केला, तो काकांनी धरून ठेवला.

"बोल," दादा म्हणाले.

"ऋताचं लग्न ठरलंय. मे महिन्यात. पत्रिकेत तुझं नाव सगळ्यात वर घातलंय. तू ये."



"मुलगा कसा आहे?"

"चांगला आहे. इथलाच आहे."

काकूंनी कणकेचा हात तसाच तोंडावर धरला होता.

"बाळू, मे महिन्यात थंडी असते का रे तिकडे?" दादांनी विचारलं. "स्वेटर आणावा लागेल?"

काकांनी चष्मा काढला.

"काही आणू नकोस," ते म्हणाले. "मी आहे ना इथे."