खाजा मियांचा पिक्चर, फातिमाबीचा पिक्चर

रिळांची पेटी उघडली आणि शेषरावांनी कपाळाला हात लावला. पुसेगावचे पाहुणे हिंदी पिक्चर बघायला कुरुंद्यात येऊन बसले होते, मशीन भाड्यानं आणलं होतं, अंगणात पडदा म्हणून धोतर ताणून झालं होतं, आणि गुलाबसिंग ऑपरेटर थंडपणे सांगत होता, "रिळं बदलली, मालक. हे तेलगू निघालं."

सोयरीक जवळपास जमली होती. शेषरावांची लेक जनका हिंगोलीला मास्तरणीचं शिकत होती. लग्नानंतर तिला शिकू द्यायचं की नाही, एवढंच अडलं होतं. मुलाचे वडील उत्तमराव म्हणाले होते, "पिक्चर झाल्यावर बोलू." पाहुणा खूश झाला की नकार देत नाही, या भरवशावर शेषरावांनी मशीन आणलं होतं.

शेजारचे खाजा मिया धावून आले. "काहून घाबरून राहिले? मी हैदराबादेत राहिलेला माणूस. मराठीत सांगत जातो."

धोतराच्या पुढे पुरुष, मागे बायका, अशी बसायची रीत. मशीनच्या घरघरीत मियांचा आवाज मागे पोचेना, म्हणून मागच्या बाजूला त्यांची बायको फातिमाबी सांगायला बसली. मियांना येतं म्हणजे तिलाही येत असणार, असं सगळ्यांनी परस्पर ठरवून टाकलं. जनका तिला खेटून बसली.

पडद्यावर एक सून पुस्तक घेऊन बसली. सासूनं ते हिसकावलं.

"शिकलेली बहू," पुढं मिया गरजले. "आता घराचं वाटोळं करणार."

"सासूनं शिकणं बंद केलं," मागून फातिमाबी म्हणाली. "आता भोगंल."

सासू आजारी पडली. तिनं उशाची बाटली तोंडाला लावली आणि खाटेवर कोसळली.

"बहूनं जहर दिलं," मिया म्हणाले.

"बाटलीवरलं वाचणारं घरात कोणीच न्हाई," फातिमाबी म्हणाली. "मालिशचं तेल पिली बिचारी."

मागे मुलाच्या आईनं, लक्ष्मीबाईंनी, हंबरडा फोडला. पुढे उत्तमराव ताडकन उठले. "शेषराव, पोरीचं शिकणं बंद करा. मगच सोयरीक."

तेवढ्यात धोतर बाजूला सारून लक्ष्मीबाईच पुढं आल्या.

"काहून बंद? मला मालिशचं तेल पाजता व्हय? सून शिकलेलीच पायजे. न्हाईतर मोडा सोयरीक."

गुलाबसिंगानं मशीन थांबवलं. उत्तमराव मियांकडं वळले. "मिया, यातलं खरं कोणतं?"

मियांनी धोतरापलीकडं बायकोकडं पाहिलं. तिनं नुसता पदर सारखा केला.

"आमच्या घरात ही म्हणते तेच बराबर असतंय," मिया म्हणाले.

उत्तमराव हळूच खाली बसले. "आमच्यात बी तसंच हाय," ते म्हणाले. "शिकू द्या पोरीला."

साखर वाटली गेली. मागच्या बाजूला जाऊन शेषरावांनी फातिमाबीला हात जोडले. "भाभी, तुमच्या तेलगूनं लेकीचं भलं झालं."

"मला कुठं येती तेलगू, भाई?" ती जनकाकडं बोट करून कुजबुजली. "ही कानात सांगत व्हती, मी बोलत व्हते."

शेषराव लेकीकडं बघतच राहिले. बापासमोर कधी वर मान न करणारी जनका खाली बघून पदराचा पीळ सोडत होती.

तेवढ्यात लक्ष्मीबाई आपल्या जागेवर परतल्या, डोळे पुसत म्हणाल्या, "आगं, त्या सासूचं पुढं काय व्हतं? मरती का?"

फातिमाबीनं जनकाकडं पाहिलं.

"न्हाई, आत्याबाई," जनका म्हणाली. "वाचती. सून शिकून आल्यावर."