घराचा आवाज

आमच्या शेजारचा युसूफ शूटिंगला आला की अख्ख्या घराला गप बसवतो. तोंडावर बोट ठेवून म्हणतो, “आज्जी, आता कुणी बोलायचं न्हाय. घराचा आवाज घ्यायचाय.” कॅमेरा बंद, नुसता माईक उभा. आणि आमचं भूममधलं भरलं घर परीक्षेला बसल्यासारखं एकमेकांकडं बघत राहतं. अशा वेळी मला हमखास हसू फुटतं. की पुन्हा पहिल्यापासून!

युसूफ डॉक्युमेंटरी काढतो. ना कुणाची नोकरी, ना कुणाची ऑर्डर. शूटिंग त्याचं, एडिटिंगही त्याचंच. सध्याची फिल्म आमच्या खव्याच्या भट्टीवर. तो प्रश्न विचारत नाही, मागं गाणं लावत नाही, ‘इकडं बघा’ म्हणत नाही. कोपऱ्यात कॅमेरा मांडतो आणि म्हणतो, “चालू द्या तुमचं. म्या इथं न्हायच समजा.” ताडासारखा माणूस, कढईला चिकटून ऊन ऊन खवा खातोय; न्हायच कसं समजायचं?

पहिल्या दिवशी मी इरकल नेसून, पावडर फासून बसले. जुनी खोड! नवी नवरी होते तेव्हा मला वाटायचं, टॉकीजच्या पोस्टरातली नटी म्हणजे मीच. लग्नाच्या फोटोला मान अशी काही तिरकी धरली, की सासूबाई म्हणाल्या, “पोरीची मान धरलीय, शेक द्या गं कुणीतरी.”

युसूफनं काय टिपलं? माझे हात. दिवसभर नुसते दूध हलवणारे हात.

“आन् तोंड रे?”

“तोंड लई ॲक्टिंग करतंय, आज्जी.”

मेल्या!

शूटिंग संपलं, पण फिल्म काही पुरी होईना. दिवाळी गेली, संक्रांत गेली. विचारलं की एकच, “जुळंना, आज्जी.” त्याची अम्मी गेल्या साली गेली, तेव्हापासून पोरगं एकटंच. एकदा डबा द्यायला गेले, तर दार उघडंच. कॉम्प्युटरवर चित्र थांबलेलं, आणि स्पीकरमधून आमचं घर ऐकू येत होतं. पंख्याची खरखर, ह्यांचा खोकला, माझं दाबलेलं हसू.

“हे फिल्ममधी घालतोस व्हय?”

त्यानं मान खाली घातली. “न्हाय, आज्जी. अम्मी गेल्यापास्नं ह्या घराला आवाजच न्हाय. काम सुचंना, म्हणून तुमचं घर लावून बसतो.”

मी डबा तसाच उचलला. “ऊठ. मशीन घे आन् आमच्या सोप्यात येऊन बस.”

“तुमाला तरास कशाला?”

“खवा खाताना इचारलास व्हय?”

आता तो रोज आमच्याकडंच काम करतो. नातवंडं भांडतात, कुकर शिट्ट्या मारतो, आणि फिल्म पुढं सरकतेय. परवा मी शेजारीच लसूण ठेचत होते, जरा जास्तच जोरात. एवढे दिवस ‘तुम्ही, तुम्ही’ करणारा युसूफ मान वर न काढता खेकसला, “अगं ए, गप की जरा!”

सून चपापली. मी बत्ता हळूच बाजूला ठेवला.

अम्मीवर तो असाच खेकसायचा. भिंतीपलीकडून मी कैकदा ऐकलंय.