भिकूभावांची दुसरी किल्ली

पासवर्ड टाइप करण्यापूर्वी भिकूभाव मांजरीला खोलीबाहेर काढत. मग मला. दार लावून आतून म्हणत, "मास्तरानू, रागाव नकात. लाइनीर कोणतरी आसता."

वेंगुर्ल्याच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये त्यांनी जन्मभर लोकांचे ट्रंककॉल जोडून दिले. गावातली निम्मी लग्नं ठरताना आणि मोडताना ऐकली. एक शब्द बाहेर गेला नाही. निवृत्तीनंतर कॉम्प्युटर घेतला, तोही माऊस काढून. "घरात मांजर आसताना उंदीर कित्याक होयो?" काळा पडदा, पांढरी अक्षरं, आणि एकेक कमांड हातानं टाइप करायची.

माझा मुलगा जहाजावर. त्याची खुशाली यायची ई-मेलनं, आणि मी पासवर्ड लिहिला होता कॅलेंडरच्या जानेवारीमागे. फेब्रुवारीत बायकोनं त्या पानात सुकट बांधून माहेरी पाठवली. पंधरा दिवस घरात माझ्याशी कुणी बोललं नाही. शेवटी भिकूभावांनीच खटपट करून नवा पासवर्ड मिळवला, आणि ताब्यातही ठेवला.

त्यांच्याकडे प्रत्येक पासवर्डाची वेगळी फाईल, कुलूपबंद. एकदा किल्लीशिवाय उघडून दाखवली. नुसती अगम्य अक्षरं.

"माझ्या फळ्यावरच्यासारखं दिसतंय," मी म्हटलं.

"ह्या कुलूप काढल्यार वाचूक येता. तुमचा नाय."

मग त्यांना हृदयाच्या ऑपरेशनसाठी गोव्याला जायची वेळ आली. जाण्याआधी त्यांनी गळ्यातल्या दोऱ्याचा पेनड्राइव्ह काढून माझ्या हातावर ठेवला, वर घराची चावी. "आता सगळ्यो फायली दोनातल्या खंयच्याय एका किल्लीन उघडतत. एक माझी, एक तुमची, ह्या पेनड्राइव्हातली. तुमच्या किल्लीक एक लांब वाक्य लावा. जन्मात इसारचा नाय असा." आणि भिंतीकडे तोंड करून कानात बोटं घालून उभे राहिले. मी बोलत नव्हतो, टाइप करत होतो, तरी.

रविवारी त्यांच्या घरी एकटाच बसलो. कमांड तीनदा चुकली. मग वाक्य टाकलं. (ते इथं सांगणार नाही. बायकोबद्दल आहे, तिलाही सांगितलेलं नाही.) कुलूप उघडलं. मुलाचा मेल आला होता, तो बरा होता.

फायलींच्या यादीत बँक, वीजबिल, पेन्शन, आणि खाली एक 'मास्तर' नावाची. उघडली.

"मनीक सकाळी दूध, दुपारी बांगड्याची टकली. मी परत इलंय नाय तर ती तुमच्याकडे रवांदे. तोंडार विचारूचा धाडस झाला नाय. दुसरा कोण नाय माका."

सगळ्या गावाला जोडून देणारा माणूस. इतके महिने माझ्या मुलाचा आवाज त्यानं जपून ठेवला होता, आणि मी साधे आभार मानले नव्हते. त्या दिवशी मांजरीजवळ मानले. ती बांगड्याच्या डोक्यांची वाट बघत होती.

महिन्याभरानं भिकूभाव परत आले. शर्ट अंगावर दोन मापं सैल. कॉम्प्युटरसमोर बसले, मांजरीला बाहेर काढलं. सवयीनं मीही उठलो, चपला शोधू लागलो.

"तुमी खंय चललात?" ते म्हणाले. "बसा. दार तेवढा लावा."